एकशे तेरावं घर

"मॅडम, गल्ली इथे वळते कशाला?"

दरवर्षी एक तरी प्रशिक्षणार्थी हा प्रश्न विचारतोच. आमच्या प्रशिक्षण केंद्राच्या मोठ्या खोलीत, फळ्याच्या डाव्या हाताला, एका वस्तीचा नकाशा काचेच्या चौकटीत लावलेला आहे. लोकांनी स्वतःच्या हाताने जमिनीवर खडूने काढलेला आणि मी कागदावर जसाच्या तसा उतरवलेला. लोकसहभागाचा उत्तम नमुना म्हणून तो पाहुण्यांना दाखवतात. त्यात एकशे बारा घरं आहेत, दोन नळ, एक गटार आणि एक वाकडं झाड. मधली गल्ली सरळ येता येता एका ठिकाणी पोट बाहेर काढल्यासारखी वळते आणि पुन्हा सरळ होते. ज्याच्याभोवती ती वळते तिथे काहीच नाही. नुसती रिकामी जागा, आणि त्या जागेत माझ्या अक्षरात दोन शब्द: बैठकीची जागा.

"तिथे लोक बसायचे," एवढं सांगून मी पुढच्या मुद्द्याकडे वळते. मी शिकवते त्या विषयाचं नाव 'समाजविकास: सिद्धांत आणि व्यवहार'. सिद्धांत सकाळी असतो आणि व्यवहार जेवणानंतर. तेव्हा निम्मी खोली पेंगत असते, आणि खरं सांगायचं तर मला ते बरंच वाटतं.

त्या वस्तीत मी पहिल्यांदा गेले तेव्हा मला कुणी दारात उभं करत नव्हतं. आमच्या कामात सुरुवातीचे महिने असेच जातात. माणसं दारातून बघतात, ही कुठल्या पक्षाची, काय विकायला आली, घरं पाडायला आली की काय, याचा अंदाज घेतात आणि दार लोटून घेतात. तिसऱ्या दिवशी उन्हात उभी राहून मी वहीत उगाच काहीतरी लिहीत होते, तेव्हा गल्लीच्या वळणावरच्या घरातून आवाज आला.

"उभ्या उभ्या काय लिहिताय? बसा की. बसायला पैसे पडत नाहीत."

ती मशीनमावशी. दारातच शिवणयंत्र होतं म्हणून सगळी वस्ती तिला मशीनमावशी म्हणायची. कपडे उसवणं, लहान-मोठे करणं, शाळेचे गणवेश, कोटाचं अस्तर, सगळं ती करायची. नवरा जाऊन दहा वर्षं झाली होती. घरात ती आणि तिची सासू. सासूला दिसत नव्हतं. पण त्या एका खोलीत आणि पुढच्या अंगणात म्हातारी कुणाचाही हात न धरता हिंडायची. खाटेवरून उठली की डावा हात भिंतीला लावायची आणि त्या भिंतीच्या आधाराने दारापर्यंत, दारातून मोरीपर्यंत, मोरीवरून अंगणातल्या बाकापर्यंत जायची. तिच्या हाताच्या उंचीला सगळ्या भिंतीवर एक गुळगुळीत, काळपट पट्टा उमटला होता. बाकी वेळ ती खाटेवर बसून बटणं निवडायची. मावशीने एका बंद पडलेल्या कारखान्यातून बटणांचा डबाच्या डबा आणला होता. शर्टाची वेगळी, कोटाची वेगळी, दोन भोकांची, चार भोकांची. म्हातारी बोटांनी ओळखून त्यांच्या राशी करायची, आणि चुकायची नाही.

चार वर्षं माझं बूड त्या अंगणात टेकलेलं होतं. वस्तीची पहिली बैठक तिथे, दुसरी तिथे, पन्नासावीही तिथेच. मावशी किटली भरून चहा आणायची, ताटात कप लावायची, आणि कुरकुरत म्हणायची, "तुमचा विकास होईल तेव्हा होईल, माझी साखर संपली." पण पुढच्या खेपेला पुन्हा किटली तयार असायची. माझ्या करड्या स्वेटरचं एक बटण तुटलेलं तिने पहिल्याच हिवाळ्यात पाहिलं होतं. "ताई, वस्तीचा विकास करता, आधी त्या स्वेटरचा करा. काढा, दोन मिनिटांत लावून देते." मी म्हणायचे, नंतर. मला नेहमी घाई असायची.

आता नकाशाचं सांगते.

आमच्या संस्थेत साहेब होते. प्रत्येक वाक्यात 'प्रक्रिया' हा शब्द यायचा म्हणून आम्ही कार्यकर्ते त्यांना मागे प्रक्रियासाहेब म्हणायचो. माणूस वाईट नव्हता. लोकांवर त्यांचा खराखुरा विश्वास होता, फक्त लोकांत ते फारसे येत नसत. त्यांनी आम्हाला पढवलेला पहिला धडा असा: खडू लोकांच्या हातात. कार्यकर्त्याने खडू धरायचा नाही, पुसायचं नाही, सुचवायचं नाही, मत द्यायचं नाही. लोकांनी काढलेला नकाशा लोकांचा. त्यात चूक असली तरी ती त्यांची, आणि ती त्यांनाच सापडली पाहिजे. थोडक्यात, मूग गिळून बसायचं आणि त्याला शास्त्र म्हणायचं. मी थट्टा करतेय, पण तेव्हा माझा त्यावर ठाम विश्वास होता, हे लपवण्यात अर्थ नाही.

सुट्टीच्या दिवशी सकाळी मावशीच्या अंगणात नकाशा काढला. तिचं अंगण तेवढंच सिमेंटचं आणि सपाट होतं, म्हणून तिथे. आदल्या संध्याकाळी तिने ते धुऊन ठेवलं होतं. चाळीसेक माणसं जमली. खडू पेंटरने घेतला. हा पेंटर म्हणजे दुकानांच्या पाट्या रंगवणारा, मावशीचा लगतचा शेजारी, वस्तीच्या समितीचा अध्यक्ष, आणि रेघ सरळ मारणारा वस्तीतला एकमेव माणूस.

"आपण इथे आहोत," असं म्हणून त्याने अंगणाच्या मध्यावर पाय आपटला. नेमकं तेव्हाच मावशी चहाचं ताट घेऊन बाहेर आली. ताट ठेवायला मोकळी जागा दिसेना, म्हणून तिने ते पेंटरच्या पायाशी ठेवलं. पेंटरने ताटाला वळसा घालून गल्ली काढली. गल्ली तिथे खरोखरच वळते, त्यामुळे कुणाला काही खटकलं नाही. मग ताटाच्या पलीकडे त्याने स्वतःचं घर काढलं, आणि तिथून एकेक घर लागत गेलं. भांडणं झाली, हशा झाला. कुणाला आपलं घर बारीक वाटलं, कुणी म्हणालं माझं दार या बाजूला नाही, एका आजोबांनी पेंटरच्या हातातून खडू हिसकावून आपल्या घराला खिडकी काढली. मावशी आत-बाहेर करत होती. किटली संपली की आत, भरली की बाहेर. साहेब भिंतीशी उभे राहून माझ्याकडे बघून समाधानाने मान हलवत होते.

त्यांनी एकशे बारा घरं काढली. ज्या घराच्या अंगणात आम्ही बसलो होतो ते घर कुणी काढलं नाही. त्या घरावर ताट होतं, आणि आम्ही सगळे त्याच्याभोवती बसलो होतो. दिव्याखाली अंधार म्हणतात तो असा.

दुपारी सगळे पांगल्यावर मी गुडघे टेकून नकाशा कागदावर उतरवायला लागले. ताट उचललं तर खाली कोरी जागा. पेंटर तिथेच कपाळाचा घाम पुसत उभा होता. मी विचारलं, "इथे काय?"

"इथे आपण बसतो की," तो म्हणाला, आणि हसला.

मीही हसले. आणि लिहिलं, बैठकीची जागा. लोकांचे शब्द शक्यतो लोकांच्याच तोंडचे लिहायचे, हाही धडा होता. आता हे कुणाला पटेल न पटेल, पण लिहिताना माझ्या मनात एक क्षण आलं होतं की इथे मावशीचं घर आहे. मी मान वर करून त्या घराकडे बघितलंसुद्धा. दारात यंत्र होतं, आत म्हातारी बटणं निवडत होती. मग मला वाटलं, नकाशाला हात लावायचा नाही. त्यांना सापडेल. काखेत कळसा आणि गावाला वळसा घालायला मी तोवर चांगलीच शिकले होते.

त्यांना सापडलं नाही, कारण पुढचं प्रत्येक काम त्याच अंगणातून सुरू झालं. घरांना क्रमांक दिले ते मावशीच्या दारातून निघून, त्यामुळे एक नंबर पेंटरचा. घरोघरची माहिती भरली ती मावशीच्या दारात टेबल टाकून, आणि तिची स्वतःची माहिती 'शेवटी भरू, आपण कुठे पळून चाललोय' म्हणून राहून गेली. जाहीर वाचन झालं तेव्हा एकशे बारा कुटुंबांची यादी मी मोठ्याने वाचली. कुणाची हरकत आहे का, असं तीनदा विचारलं. मावशी आत किटली भरत होती. सह्यांच्या कागदावर मात्र तिची सही आहे. ओल्या हाताने केलेली, थोडी पसरलेली.

वस्तीला सगळ्यात जास्त काय हवंय ते ठरवायला आम्ही चित्रं मांडून प्रत्येकाला तीन-तीन बटणं दिली होती. बटणं अर्थात मावशीचीच. गटार, दिवे, शौचालय, सभागृह. सगळ्यात मोठा ढीग सभागृहावर पडला. पावसात मयत झालं तर माणसांना बसायला जागा नाही, मुलांना अभ्यासाला जागा नाही, मुलीचं लग्न जमवायला पाहुणे आले तर बसवायचे कुठे, सगळ्यांचं एकच दुखणं होतं. मावशीने तिची तिन्ही बटणं सभागृहावरच ठेवली. "माझं अंगण सुटेल एकदाचं," ती म्हणाली, आणि सगळे हसले.

चौदा महिन्यांनी मंजुरी आली. वस्ती जागेवरच राहणार, प्रत्येक घराला मालकीचा कागद मिळणार, गटार आणि दिवे होणार, आणि नकाशात जी मोकळी जागा दाखवलीय तिथे सभागृह. मोजणीवाले आले आणि मावशीच्या भिंतीवर लाल रंगाने फुली मारून गेले. दुसऱ्या दिवशी मावशी माझ्या कार्यालयात आली. ती तिथे कधीच आली नव्हती. खुर्चीच्या टोकावर बसली.

"ताई, आमचं घर हरवलंय," ती म्हणाली. "तुमच्या कागदांत कुठे सापडलं तर बघा."

मी हसले नाही, पण ती हसली. तिला वाटत होतं हे एका खोडरबराचं काम आहे. मलाही तसंच वाटत होतं.

मी साहेबांकडे गेले. सगळं ऐकून त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"नकाशा कुणाचा?"

"लोकांचा. पण साहेब, चूक मी उतरवली."

"उतरवली म्हणजे केली नाही. चूक लोकांची आहे, दुरुस्ती लोकांनीच करायला हवी. आपण वरून बदल केला तर आपल्यात आणि हुकूम सोडणाऱ्यांत फरक काय राहिला?"

"मी त्या घरात चार वर्षं चहा प्यायलेय. सरकारी कार्यालयात जाऊन एवढं सांगितलं तरी पुरे."

"सांगा ना. मग ते म्हणतील नकाशा चुकीचा आहे. मग एकशे बारा कागद पुन्हा तपासणीला. किती वर्षं लागतील, तुम्हाला माहीत आहे." त्यांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. "वाईट मलाही वाटतं. बैठक घ्या. लोक शहाणे असतात. प्रक्रियेवर विश्वास ठेवा."

उंटावरून शेळ्या हाकणं सोपं असतं, असं मी मनात म्हटलं. पण सरकारी कार्यालयात मी गेले नाही. दोनदा बसथांब्यापर्यंत गेले आणि परत आले. मी बैठक बोलावली. लोक शहाणे असतात, हे मला खरं करून बघायचं होतं.

बैठकीआधी मी पेंटरकडे गेले. तो दारात एका पाटीला पांढरा हात देत होता. माझ्याकडे न बघता बोलला.

"ताई, तुम्हाला वाटतं मला कळत नाही? तिच्या घरातून आमच्या घरात भांडं पडलेलं ऐकू येतं. माझी दोन्ही पोरं तिने शिवलेल्या कपड्यांत वाढली."

"मग?"

"मग काय. नकाशा मी काढलाय. तिथे चुकलाय असं एकदा म्हटलं, की माझं घर बरोबर आहे हे कोण मानणार? आणि सभागृह जायचं कुठे? दुसरी जागा दाखवा, मी उद्या रंगवून देतो." त्याने ब्रश पाण्यात बुडवला. "तिला पर्यायी खोली देतायत म्हणे."

देत होते. शेवटच्या बसथांब्याच्याही पलीकडे, तिसऱ्या मजल्यावर.

बैठक दुपारी होती. आणि ती कुठे भरली? मावशीच्याच अंगणात. दुसरी जागाच नव्हती, आणि खरं म्हणजे कुणाच्या मनातही आलं नाही की आज तरी दुसरीकडे बसावं. गुप्त मतदान घ्यायचं ठरलं होतं, म्हणजे आडोसा हवा, म्हणजे दाराला पडदा हवा, आणि पडदा मावशीच्याच दाराला होता. तिने शिवणयंत्रावरचं कापड आवरलं आणि यंत्राच्या पाटीवर दोन डबे ठेवले. एकावर मी घराचं चित्र चिकटवलं, एकावर सभागृहाचं. घर राहावं वाटत असेल तर या डब्यात, सभागृह व्हावं वाटत असेल तर त्या डब्यात. घरटी एक बटण. सगळी बटणं एकसारखी हवीत म्हणून मावशीने कोटाची तपकिरी, कडेला खाच असलेली बटणं म्हातारीकडून मोजून घेतली.

"किती दिलीत?" साहेबांनी विचारलं. ते त्या दिवशी मुद्दाम आले होते.

"एकशे तेरा."

"यादीत एकशे बारा आहेत," साहेब हळू आवाजात म्हणाले. "मावशी, यादीबाहेरचं मत धरलं तर उद्या कुणी हरकत घेईल. तुमच्याच दृष्टीने वाईट."

मावशीने त्यांच्याकडे बघितलं, मग हातातल्या त्या एका उरलेल्या बटणाकडे. कुणीतरी बोलेल असं मला वाटलं. मीसुद्धा बोलेन असं वाटलं. मग ती माझ्याजवळ आली आणि ते बटण माझ्या तळहातावर ठेवलं.

"मला चालत नसेल तर तुम्ही टाका, ताई. तुम्ही चार वर्षं बसताय इथे. तुमचं काय मत आहे ते टाका."

मी मूठ मिटली.

लोक रांगेने पडदा बाजूला करून एकेक आत जायला लागले. मी डब्यांवर लक्ष ठेवायला आत भिंतीशी उभी होते, मत देणाऱ्यांकडे पाठ करून. म्हातारी खाटेवर बसली होती. तिला कुणी नीट सांगितलं नव्हतं काय चाललंय ते. मावशी म्हणाली होती, बैठक आहे, बटणांची. म्हातारी माणसं पावलांवरून ओळखायची. आत आलेल्या प्रत्येकाला विचारत होती, "आलास का रे? पाय बरा झाला का?" "सुनेला दिवस गेलेत म्हणे, जपा." "पेंटर ना? रंगाचा वास येतोय." पेंटर म्हणाला, "हो, आजी." आणि मग डब्यात बटण पडल्याचा आवाज. कुठल्या डब्यात, ते आवाजावरून कळत होतं. सभागृहाचा डबा माझ्या जवळच्या बाजूला होता, आणि आवाज जवळूनच येत होता.

"आज सगळे आले," म्हातारी समाधानाने म्हणाली. "चांगलं झालं. सगळे आले की बरं वाटतं घरात."

सगळ्यात शेवटी रांग संपली. बटण अजून माझ्या मुठीत होतं. घराचा डबा माझ्यापासून दोन पावलांवर होता. कुणी बघत नव्हतं, म्हातारीला तर दिसतच नव्हतं. पण कार्यकर्त्याने मत द्यायचं नाही. मी टाकलं असतं तर एकशे तेरा भरली असती आणि मतदानच रद्द झालं असतं, असं मी स्वतःला सांगितलं. तेव्हा सांगितलं, आजही सांगते. बोलणाऱ्याला कारणांचा तोटा नसतो.

मोजणी अंगणात झाली. सभागृहाला एकशे एक. घराला अकरा.

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. साहेबांनी वहीत आकडे लिहिले आणि लोकांनी जबाबदारीने निर्णय घेतल्याबद्दल आभार मानले. माणसं खाली बघत उठली. गरज सरो वैद्य मरो असं म्हणणं सोपं आहे, पण त्यांची गरज सरली नव्हती, हीच तर अडचण होती. जाताना एक बाई सवयीने रिकामे कप गोळा करून मोरीशी ठेवून गेली.

मावशी बटणं डब्यात भरत होती. मी तिच्यासमोर जाऊन मूठ उघडली. बटणाच्या कडेची खाच माझ्या तळहातावर उमटली होती.

"मावशी, मला टाकता येत नव्हतं. नियम..."

तिने बटण उचललं. ते थोडा वेळ बघितलं. वाटलं आता ती बोलेल, आणि बोलावं असं मला फार वाटत होतं. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

"अकरा आली," ती म्हणाली. "मला वाटलं होतं दोन-चार येतील."

मग तिने यंत्राच्या खणातून सुई काढली, करडा दोरा ओवला आणि मी अंगात घातलेल्या स्वेटरलाच ते बटण लावायला लागली. मी काढून देते म्हटलं, तर म्हणाली, "राहू द्या. तुम्हाला घाई असते." ती इतकी जवळ उभी होती की तिचा श्वास लागत होता. सुई चार वेळा आत-बाहेर गेली. शेवटी तिने वाकून दोरा दातांनी तोडला. मी थँक्यू म्हटलं. चार वर्षांच्या बैठका घेतलेली मी, तेवढं एकच मला सुचलं.

घर पाडायला अर्धा दिवस पुरला. पट्टा असलेली भिंत सगळ्यात शेवटी पडली, असं मला पेंटरने सांगितलं. मी नव्हते. पुढे सभागृह झालं, चांगलं झालं. लोक वापरतात. नकाशाला चौकट मिळाली आणि मला प्रशिक्षण केंद्रात नोकरी मिळाली.

मावशीकडे मी एकदाच गेले. पुढच्या हिवाळ्यात. शेवटच्या थांब्यावर उतरून पुढे वीस मिनिटं चालत. खोली स्वच्छ होती, नळ आत होता, भिंतींना नवा रंग होता. यंत्र खिडकीशी. मावशी गणवेश शिवत होती. मला बघून उठली नाही, पण "बसा," म्हणाली.

म्हातारी खाटेवर होती. खाटेला लागून एक बादली होती आणि बादलीवर झाकण. कुठे गेली ती चालणारी म्हातारी, असं मी विचारलं नाही. बघितल्यावर कळत होतं. तिच्या मांडीवर बटणांची परात होती, पण बोटं संथ झाली होती.

"कोण आलंय?" तिने विचारलं. माझी पावलं तिला या फरशीवर ओळखू आली नव्हती.

"मी, आजी. नकाशावाली ताई."

तिने हात पुढे केला. मी जवळ गेले. तिचा हात माझ्या दंडावरून खांद्यावर आला, खांद्यावरून स्वेटरच्या कडेने खाली उतरला, आणि तिसऱ्या बटणावर थांबला. अंगठ्याने तिने त्याची कड चाचपली. पुन्हा चाचपली.

"हे आमच्यातलं आहे," ती म्हणाली. "खाचेचं. मी रोज मोजते, एकशे बारा भरतात. हिला म्हणते, एक कमी आहे गं, आपलंच होतं ते, कुठे गेलं. ही काही बोलत नाही." तिचा चेहरा उजळला. "म्हणजे तुमच्याकडे होतं. तुम्ही टाकलं होतंत ना ते तेव्हा, आपल्या डब्यात? ही म्हणते आपल्याला अकरा पडली. मी म्हणते, बारा असणार. ताईंचं धरून बारा."

यंत्र थांबलं. मावशीने मान वर केली नाही, पण तिचा हात चाकावर तसाच राहिला.

"हो आजी," मी म्हटलं. "बारा."

"बघ, मी सांगत नव्हते," म्हातारी सुनेला म्हणाली, आणि माझ्या बटणावर हलकेच थाप मारून तिने हात परत परातीत घातला.

थोड्या वेळाने यंत्र पुन्हा सुरू झालं.